नदीकाठची अकरा मिनिटं

माझा दादा पाणीपुरवठा विभागात नकाशे काढायचा. जमिनीखालून कुठला पाइप कुठे वळतो, कुठे त्याला दुसरा येऊन मिळतो, व्हॉल्व्ह कुठे आहे, हे सगळं तो मोठ्या पांढऱ्या कागदावर काळ्या शाईने उतरवायचा. रस्ते खणणाऱ्यांचा मुकादम म्हणायचा, "यांच्या नकाशावर बोट ठेवून कुदळ मारा, पाइप फुटणार नाही." त्या खात्यात याहून मोठी शाबासकी नव्हती, कारण बाकीच्यांचे नकाशे बघून खणलं की हमखास कारंजं उडायचं.

त्यांच्या लांबट खोलीत सहा तिरपी टेबलं होती. दादाचं टेबल आधी दाराशी होतं, मग मधलं झालं, मग खिडकीला लागून. आम्हाला वाटायचं, त्याचा मान वाढतोय. तो उजेडामागे सरकत होता हे त्याने कुणालाच सांगितलं नव्हतं.

डोळ्यांच्या पडद्याचा आजार होता. आधी संध्याकाळचं दिसेनासं झालं, मग बाजूचं. तो अडतीस वर्षांचा असताना डॉक्टरांनी सांगितलं की हे थांबणारं नाही. दवाखान्याच्या पायऱ्या उतरताना मी रडत होते आणि तो म्हणाला, "गंमत बघ छोटे. आयुष्यभर पाइप काढले, आता पाइपातूनच बघतोय." चार वर्षांत तो पाइपही बंद झाला.

मी त्याच्याहून आठ वर्षांनी लहान. आज माझे केस पिकलेत तरी मी त्याच्यासाठी 'छोटी'च आहे. त्याचं लग्नाचं राहून गेलं ते गेलंच. आमच्या इमारतीत तो तळमजल्यावरच्या एका खोलीत राहायचा आणि मी, आमचे हे आणि आमची मुलगी दुसऱ्या मजल्यावर. मी कपडे दुरुस्त करण्याच्या दुकानात काम करायचे. रफू, अस्तर बदलणं, बटणं, चेन. दुकानात उरकलं नाही की कपडे घरी आणायचे.

डोळे गेल्यावर दादाला एका मोठ्या हॉस्पिटलात टेलिफोनच्या बोर्डावर नोकरी मिळाली. आतल्या कुठल्याही फोनवरून नऊ फिरवला की दादा. तीनशे नंबर त्याला तोंडपाठ झाले. कुठला डॉक्टर या वेळी कुठे असेल, हेही त्याला ठाऊक असायचं. नर्स एकमेकींना सांगायच्या, "नाकी नऊ आले की नऊ फिरवा." पुढे त्याचं नावच 'नऊ' पडलं. कँटीनमध्ये लोक खुर्ची सरकवून म्हणायचे, "या, नऊ, बसा." त्याला ते आवडायचं. नकाशे काढताना तो कुणाला माहीत नव्हता. इथे सगळ्या मजल्यांवर त्याचा आवाज ओळखीचा होता.

त्याला लहानपणापासून एकच नाद. अद्भुत पिक्चर. राजे, राक्षस, बोलणारी झाडं, ढगातले किल्ले. आमचे हे म्हणायचे, "काय पोरकटपणा आहे या वयात!" दादा शांतपणे म्हणायचा, "असलेल्या गावाचा नकाशा कुणीही काढेल हो. नसलेल्या गावाचा काढायचा तर ते फार नीट बघावं लागतं."

आणि ते बघायचं काम माझ्याकडे आलं.

थिएटरात आम्ही शेवटच्या रांगेत, भिंतीकडच्या कोपऱ्यात बसायचो. तो डोकं माझ्याकडे झुकवायचा आणि मी कुजबुजत पडद्यावरचं सांगायचे. सुरुवातीला मी भलतंच सांगत सुटायचे. "अय्या, काय सुंदर झगा आहे!" तो म्हणायचा, "झगा नंतर. आधी कोण कुठे उभंय ते सांग. दार कुठल्या बाजूला? तिचं तोंड दाराकडे की खिडकीकडे?" त्याने मला शिकवलं की लोक बोलत असताना गप्प राहायचं आणि ते गप्प झाले की बोलायचं. कुणाच्या चेहऱ्यावर काय दिसतंय ते 'दुःखी' किंवा 'आनंदी' असं सांगायचं नाही. ओठ काय करतायत, हात काय करतायत, तेवढं सांगायचं. "दुःख माझं मी ओळखतो," म्हणायचा.

मी त्यात तरबेज झाले. एकदा पुढच्या रांगेतले एक आजोबा गर्रकन मागे वळले. मला वाटलं, आता हजेरी घेणार. तर म्हणाले, "बाई, जरा मोठ्याने सांगा. चष्मा घरी राहिलाय." त्या दिवशी दादा पिक्चरभर मान डोलावत हसत होता. घरी येताना बसमध्ये म्हणाला, "तुझ्या डोळ्यांनी मला माझ्यापेक्षा जास्त दिसतं." मला त्याचा किती गर्व वाटला होता, तो मी आज कुठे ठेवू कळत नाही.

मग तो घंटेचा पिक्चर आला.

एका राज्यात कित्येक वर्षं हिवाळा सरत नाही, कारण तिथली मोठी घंटा मुकी झालेली असते. तिच्या आतला, टोले देणारा लोळा दूर डोंगराच्या शिखरावर आहे. राजाची मुलगी, एक पळपुटा शिपाई, एक चोर, घंटा ओतणाऱ्या कारागिराची विधवा आणि एक म्हातारा हमाल असे पाचजण ती घंटा घेऊन समुद्रकाठापासून शिखरापर्यंत पायी निघतात. घंटा हमालाच्या पाठीवर. अर्धा पिक्चर तो ती वाहतो, कुणाशी फारसं बोलत नाही, फक्त खोकतो. शेवटी शिखरावर घंटा वाजते, बर्फ वितळतं, आणि सगळे नाचत असताना राजाची मुलगी कसल्याशा फडक्यात तोंड खुपसून रडते. तिथे थिएटरात लोक हसले होते. जिंकल्यावर कुणी रडतं का?

बाहेर पडताच दादाने विचारलं, "हमाल कुठे गेला?"

"कुठे म्हणजे?"

"नदी आली, आणि पुढे एकदम डोंगर. डोंगरावर त्याचा खोकला नाही. घंटा खेचरावर आहे असं तू सांगितलंस. मग तो कुठे आहे?"

"असेल रे मागे कुठेतरी."

"अर्धा पिक्चर ओझं वाहणारा माणूस असा विरघळत नाही, छोटे. इथे कात्री लागलीय."

या विषयावर त्याचं स्वतःचं एक मत होतं, आणि ते तो कँटीनमध्ये कुणालाही ऐकवायचा. घर, ऑफिस, बस असलेल्या पिक्चरमध्ये आपण आधीपासून राहतच असतो. तिथे चार मिनिटं कापली तरी रस्ता चुकत नाही. पण अद्भुत पिक्चरच्या देशात आपण उपरे. तिथली माणसं कशी चालतात, कुठे दम खातात, काय खातात, कुणासमोर गप्प बसतात, हे बघूनच तो देश खरा वाटायला लागतो. आणि कात्रीवाला पहिल्यांदा काय उडवतो? चालणं, खाणं आणि गप्प बसणं. "लढाया ठेवतात," दादा म्हणायचा, "आणि ज्याच्यासाठी लढायचं तेच कापतात."

तीन वर्षांनी त्या पिक्चरची लांब आवृत्ती डीव्हीडीवर आली. अठ्ठेचाळीस मिनिटं जास्तीची. एक्स-रे विभागातल्या एका तंत्रज्ञाला असल्या पिक्चरचं दादाइतकंच वेड होतं. त्याने बातमी दिली आणि दादाने दुसऱ्याच दिवशी ती आणवली. जिना चढून, कठडा धरत, तो ती डबी घेऊन माझ्या दारात उभा राहिला. डोळे नसलेल्या माणसाच्या चेहऱ्यावर एवढी चमक मी कधी बघितली नव्हती.

"रविवारी? आता हमाल सापडणार बघ!"

मी म्हटलं, "रविवारी."

त्या आठवड्यात दुकानातली दुसरी बाई आजारी होती. एका वाद्यवृंदाचे बावीस कोट आले होते, प्रत्येकाला नवी बटणं, आणि सोमवारी सकाळी ते द्यायचे होते. मुलगी रुसलेली, यांचं डोकं दुखत होतं, घरात दोन दिवसांची भांडी. हे मी सबब म्हणून सांगत नाही. म्हणजे, त्या वेळी सबब म्हणूनच मनात घोकत होते. रविवारी दुपारी मी कोटांचा गठ्ठा घेऊनच तळमजल्यावर उतरले.

पहिला तासभर मी नीट सांगितलं. मग हात बटणांकडे वळले. कान ऐकत होते, डोळे अधूनमधून वर जात होते. संवाद असले की बरं, तेवढ्यात दोन बटणं व्हायची. मग तो भाग आला. एकही संवाद नाही. गोट्यांवरून चालणारी पावलं, वारा, पाणी, मध्येच एखादा पक्षी.

"काय चाललंय?" दादाने विचारलं.

"चालतायत."

"कुठून?"

"नदीकाठाने."

जरा वेळाने पुन्हा, "पुढे कोण आहे?"

"सगळे चालतायत रे दादा, त्यात काय सांगायचं!"

मग बराच वेळ पाण्याचा आवाज. मग पुन्हा पावलं. दादा ताठ बसला. हात वर करून मला थांबवल्यासारखं केलं, मी बोलत नसतानाही.

"छोटे, आता चौघांचेच पाय ऐकू येतायत. एकजण थांबला का गं?"

मी त्या वेळी दोरा दाताने तोडत होते. पडद्याकडे बघितलं तर लांबून घेतलेलं दृश्य, धुकं, माणसं मुंगीएवढी. मोजायला मागे जावं लागलं असतं. मागे गेलं की आणखी दहा मिनिटं. अजून नऊ कोट राहिले होते.

"कुणी नाही थांबलं," मी म्हटलं. "पाचही आहेत."

"नक्की का?" असं त्याने विचारलं नाही. माझ्या सांगण्यावर असं त्याने तोवर कधी विचारलंच नव्हतं. तो फक्त मागे टेकला. पिक्चर संपल्यावर म्हणाला, "छान होता. जरा मोकळा श्वास घेतल्यासारखा." आणि माझे आभार मानले. मी कोट उचलून वर गेले.

त्या पिक्चरचा त्याने नकाशा केला. मोठ्या पुठ्ठ्यावर डिंकाने रेती चिकटवून समुद्रकाठ, कापसाचं बर्फ, मेणाचे डोंगर, बोटाने चाचपता येईल असा. पाचही प्रवाशांच्या वाटा त्याने पाच तऱ्हेच्या दोऱ्यांनी दाखवल्या होत्या. राजकन्येची रेशमाची, शिपायाची बुटाच्या नाडीची, विधवेची लोकरीची, चोराची मासे धरायच्या तंगुसाची आणि हमालाची सुतळीची. रोज कामावरून आला की तो भिंतीवरचा पुठ्ठा उतरवून तासभर त्यावर बसायचा. एक्स-रेवाला बघून गेला आणि म्हणाला, "नऊ, हे काचेच्या पेटीत ठेवायला हवं." सुतळी समुद्रापासून निघून नदी ओलांडून थेट शिखरापर्यंत गेली होती. मी रोज बघायचे. मला काही वाटलं नाही, कारण मला ते आठवतही नव्हतं.

पुढे दोनेक महिन्यांनी मी त्याची खोली झाडायला गेले तेव्हा दिसलं की सुतळी नदीच्या अलीकडेच संपलीय. टोकाला गाठ मारलेली. पुढे शिखरापर्यंत फक्त डिंकाचा पिवळट ओरखडा.

"दादा, ही सुतळी तुटली वाटतं."

तो चहा करत होता. कपावर बोट ठेवून, भरला की कळावं म्हणून. "तुटली नाही. मी काढली. तो अलीकडेच राहतो ना."

"कोण?"

"हमाल. नावेत चौघांचीच जागा असते म्हणे." त्याने कप खाली ठेवला. "परवा कँटीनमध्ये बोलणं निघालं. चारपाचजण होते. मी मोठ्या रुबाबात सांगत होतो, की लांब आवृत्तीतही हमालाचं काय झालं ते त्यांनी नीट दाखवलं नाही, तो वरपर्यंत जातो आणि तरी शेवटी त्याला एक वाक्य नाही. एक्स-रेवाला म्हणाला, 'नऊ, तो तर नदीवरच राहतो. त्याचा केवढा मोठा प्रसंग आहे.' बाकीचे गप्प झाले. हसले असते तर बरं झालं असतं."

मी झाडू धरून उभी होते. तेव्हा, त्या क्षणी सांगता आलं असतं. दादा, माझं लक्ष नव्हतं, माझं चुकलं. सहाच शब्द. आणि मी काय म्हटलं?

"मला दिसलाच नाही तो प्रसंग. फार अंधार होता पडद्यावर. तुझा टीव्हीपण जुना आहे."

"असेल," दादा म्हणाला. "चहा घेतेस?"

पहिलं खोटं कामाच्या रेट्यात तोंडातून निघालं होतं. हे दुसरं मी त्याच्या तोंडावर, चांगली शुद्धीत असताना बोलले.

त्यानंतर तो मला पिक्चरचं म्हणेनासा झाला. रुसला नाही, आवाज चढवला नाही, येणंजाणं, जेवणखाण सगळं पूर्वीसारखं. फक्त शनिवारी दुपारी एक्स-रेवाला येऊ लागला. मी एकदा म्हटलं, "दादा, तो घंटेचा पुन्हा बघू या का?" म्हणाला, "बघू." हे 'बघू' चार वर्षं चाललं. मीही फार रेटलं नाही. पुन्हा बघितला असता तर पडद्यावर अंधार नव्हता हे उघडं पडलं असतं.

एकदा दादा हॉस्पिटलच्या सहलीला गेला होता. त्याच्या खिडकीचं तावदान बसवायला माणूस यायचा होता म्हणून मी खाली बसले होते. माणूस दुपारपर्यंत आलाच नाही. डबी टीव्हीखालीच होती. मी ती लावली, आणि हातात काहीही न घेता बघायला बसले.

अंधार कसला? लख्ख सकाळ होती.

नदीकाठी एक छोटी नाव. नावाडी चार बोटं दाखवतो. चार माणसं आणि घंटा, बस. कुणी काही बोलत नाही. राजकन्या नदीकडे बघते, शिपाई बुटाकडे, चोर आभाळाकडे. विधवा तेवढी हमालाकडे बघते आणि तीही मान फिरवते. 'तू थांब' असं त्याला कुणीच म्हणत नाही. तो स्वतःच पाण्यात शिरतो, गुडघाभर, आणि पाठीवरची घंटा नावेत उतरवतो. ती लाकडावर आपटू नये म्हणून खांद्यावरची गादी काढतो. जुन्या कापडाची, घामाने काळी पडलेली. ती घंटेखाली सरकवतो, चारही बाजूंनी चाचपून बघतो. मग काठावर येतो. नाव पलीकडे जाते, चौघे उतरतात, घंटा गादीसकट तिथल्या खेचरावर चढवतात, चालू लागतात. कुणी मागे बघत नाही. खूप वेळ तो उभा. शेवटी परत फिरतो, आणि तेव्हा दिसतं की पाठीवर काही नसतानाही तो वाकूनच चालतोय.

अकरा मिनिटं. मी नंतर घड्याळ लावून मोजली.

आणि मग शिखर. घंटा बांधण्यासाठी राजकन्या ती उचलायला लावते, खाली ती गादी अडकलेली असते. तिच्यातच तोंड खुपसून ती रडते. छोट्या पिक्चरमध्ये ते एक कुठलं तरी फडकं होतं आणि लोक हसले होते. सगळा पिक्चर त्या अकरा मिनिटांवर उभा होता. घंटा वाजणं, बर्फ वितळणं हे सगळं तेवढ्यासाठीच होतं, आणि दादाला ते न बघता, नुसत्या पावलांवरून कळलं होतं.

दुसऱ्या दिवशी मी त्याच्या समोर बसले आणि म्हटलं, "दादा, मी काल तो पिक्चर बघितला. नदीचा भाग सांगू?"

त्याने हातातला कप खाली ठेवला. मग खुर्ची माझ्याकडे वळवून, थिएटरात झुकवायचा तसं डोकं झुकवलं. "सांग."

मी सांगितलं. त्याने शिकवलं होतं तसं. नाव कुठल्या बाजूला, कोण कुठे उभं, कुणाचे हात काय करतायत. अकरा मिनिटांना अर्धा तास लागला. गादीपाशी आले तेव्हा त्याने माझं मनगट पकडलं.

"म्हणजे ते फडकं! शिखरावरचं!"

"हो."

"अगं, एक्स-रेवाल्याने गादीचं सांगितलंच नाही मला! म्हणाला, एक म्हातारा होता तो राहिला." तो हसत होता, डोळ्यांतून पाणी येत होतं. "बघ, मी म्हणत नव्हतो? कात्रीवाल्याने नेमकं तेच उडवलं होतं!" तो उठून खोलीत दोन फेऱ्या मारून आला. इतका आनंद. आणि तो त्याला चार वर्षांपूर्वी, रविवारी दुपारी, मिळायला हवा होता. माझ्याकडून.

मग तो बसला आणि अगदी साध्या आवाजात म्हणाला, "त्या दिवशी तू बटणं लावत होतीस ना?"

मी मान हलवली, आणि मग आठवून 'हो' म्हटलं.

"दोरा ओढल्याचा आवाज येतो गं. जाड कापड होतं. आणि दर थोड्या वेळाने तू दाताने तोडायचीस."

"तुला माहीत होतं?"

"तू बघत नाहीयेस एवढं कळत होतं."

"मग तरी, दादा... चौघांचेच पाय ऐकू आले होते तुला. मग सुतळी वरपर्यंत का नेलीस?"

त्याला हा प्रश्नच विचित्र वाटला असावा. "तू म्हणालीस ना, पाचही आहेत."

मी तेव्हा सगळं सांगितलं. बावीस कोट, अंधाराची थाप, सगळं. माफी मागितली. तो म्हणाला, "जाऊ दे. केवढं काम असायचं तुला तेव्हा." त्याने मनापासून म्हटलं, हे मला ठाऊक आहे. दादा मनात काही ठेवणाऱ्यातला नाही.

पण त्यानंतर आम्ही दोघं एकदा थिएटरात गेलो, आणि तेव्हा कळलं. नवा पिक्चर होता, उडत्या बेटांचा. मी डोळ्यांत तेल घालून बघत होते, भिंतीवरच्या विटासुद्धा सोडत नव्हते. शेवटी तोच म्हणाला, "अगं, एवढं नको, त्यांचं बोलणं ऐकू दे." मी म्हटलं, "राणी दाराकडे निघाली." आणि तो म्हणाला, "नक्की?" त्याच्याही नकळत. पुढे पुन्हा, "पूल तुटला." "नक्की?" पिक्चरभरात पाच वेळा. मी प्रत्येक वेळी 'नक्की' म्हणत होते, आणि प्रत्येक वेळी तो पडद्यावरचा आवाज जरा ऐकून, ताडून, मगच मान हलवत होता. बाहेर आल्यावर म्हणाला, "मजा आली." आम्ही बसची वाट बघत उभे राहिलो. पुन्हा जाऊ या असं दोघांपैकी कुणीच म्हटलं नाही.

आता तो निवृत्त आहे. बोर्डावर यंत्र बसलं; नऊ फिरवला की रेकॉर्ड केलेली बाई बोलते. शनिवारी दुपारी एक्स-रेवाला अजून येतो. त्याचं सांगणं म्हणजे आनंदच. "तो... तो टोपीवाला, नाही नाही, दुसरा, अहो तो मघाचा, त्याने याला मारलं. म्हणजे मारलं नाही, ढकललं." खालून दोघांचं खो खो हसणं माझ्या स्वयंपाकघरापर्यंत येतं.

कधीकधी मी तिघांचा चहा घेऊन उतरते आणि तिसऱ्या खुर्चीवर बसते. गेल्या शनिवारी असाच कुठलासा लांब पिक्चर होता, तीन तासांच्या वरचा. दरबारात भांडण पेटलेलं, एक्स-रेवाला कोण कुणावर ओरडतोय ते सांगण्यात गुंग. आणि पडद्याच्या डाव्या कोपऱ्यात, खांबाआड, एक म्हातारी दासी खाली सांडलेले मोती एकेक वेचून ओच्यात टाकत होती, कुणाचंच लक्ष नसताना. हे महत्त्वाचं आहे हे मला तिथेच कळलं. दादाला ते किती आवडलं असतं, तेही कळलं. माझं तोंड उघडलं होतं.

एक्स-रेवाला म्हणाला, "आता राजा उठला." दादाने मान डोलावली. मी कप गोळा केले आणि गप्प बसून राहिले.